तोंड माझं, हात सगुणचे

रायबंदरला, पोदेराच्या भट्टीवरच्या खोलीत
बावीस वर्षं मी माणसं कापतो.
धग फरशीतून वर येते.
पंखा मशीनकडे तोंड करून ठेवलाय,
माझ्याकडे नाही.

सुरुवात लग्नांच्या कॅसेटींनी.
दोन व्हीसीआर, मध्ये एक वायर,
आणि म्हार्दोळच्या वधूपित्याची हलक्या आवाजातली सूचना:
'जावयाची जांभई तेवढी काढ.'
काढली.
ती अजून माझ्याकडे आहे. वऱ्हाडातला
तेवढाच एक माणूस खरा वाटला होता.

नट झालो तो माशेलच्या जत्रेत.
मला प्रेत द्यायचे, कारण श्वास धरता यायचा.
तिसऱ्या अंकात पापणीवर डास बसला,
मी मेलेलाच राहिलो.
पडद्यामागे टाळी दिली ती मेकअपवाल्या पुंडलिकाने, एकट्याने.

मग सिनेमावाले म्हणू लागले,
एडिटर आहेसच, तर पोस्टमन पण करून टाक.
पैसे तेवढेच.
आजवर पोस्टमन दोनदा, तलाठी,
कर्ज नाकारणारा बँकेतला माणूस,
आणि नुसती मान हलवणारा डॉक्टर.
तलाठी मी सतरा सेकंदांवर आणला.
डॉक्टर पूर्णच गेला.
रुझारियो म्हणाला, अरे, बरा होतास त्यात.
बरा होतो. गरज नव्हती.

गेल्या वर्षी चोडणच्या फेरीबोटीवरचा खलाशी मिळाला.
पहिल्यांदाच नावाचा माणूस: नाव होतं, बायको होती,
आणि एक संवाद, 'पाणी चढतंय.'
शिकवायला खराखुरा खलाशी, सगुण.
म्हणाला, दोर हातानं सोडू नको, खांद्यानं सोड.
अकरा टेक झाले. अकरा वेळा दोर मांडवीत.
मासळीची पाटी घेऊन उभी असलेली बाई म्हणाली,
'बाबा, तूं घरा वच.'

रात्री तीनला खाली पोदेर पीठ मळायला लागला
तेव्हा मी स्वतःला पडद्यावर थांबवून बघत होतो.
चेहरा जमला होता. आश्चर्यच.
पलीकडच्या काठावर कुणी यायचं राहिलंय
असा बघत होतो मी.
हात मात्र खोटं बोलत होते.
चेहऱ्याला चार दिवसांत खोटं शिकवता येतं,
हाताला दोराएवढं वय लागतं.

मग रद्दीत सापडला एक तुकडा:
चहाच्या सुट्टीत कॅमेरा चालूच राहिलेला,
आणि सगुण, कुणी बघत नाही अशा बेतानं,
लोखंडी खुंट्याला दोर गुंडाळतोय.
नऊ सेकंदं. करंगळी वाकडी, सरळ न होणारी.
तो लावला माझ्या चेहऱ्याच्या पुढे.
सांधा मलाही दिसेना.

चोडणच्या शाळेच्या पटांगणात सिनेमा दाखवला.
सगुण मागच्या बाकावर.
ती नऊ सेकंदं आली तेव्हा
त्यानं पडद्याकडे बघायचं सोडून
अंधारात स्वतःचे हात उलटेसुलटे केले,
मग पँटला पुसले, काही लागल्यासारखे.
निघताना म्हणाला, 'तुजें काम बरें जालें.'
मी सांगणार होतो.
त्याआधीच कुणीतरी माझ्या हातात नारळ दिला.

आठवड्यानं पेपरात आलं:
हा नट चेहऱ्यापेक्षा हातांनी बोलतो.
दोन फोन आले. एक सुताराच्या भूमिकेसाठी.
श्रेयनामावलीत मी सगुणचं नाव घातलंय,
माझ्या नावाच्या खाली, त्याच आकारात;
पण ती सुरू होते तेव्हा
लोक चपला शोधत असतात.

परवा फेरी धक्क्याला लागताना
त्यानं मला हाक मारली, 'ए नटा!'
आणि दोर फेकला माझ्याकडे, सरळ छातीवर.
स्कूटरवाले बघत होते. तो हसत होता.
त्याला माहीत होतं, पहिल्यापासून.

दोर पाण्यात गेला.
तेवढा भाग ठेवायचा.